संशय आणि पुरावा

संध्याकाळीं व्यवहार बंद झाले म्हणजे बँकेंतला रोखपाल आपली रोकड मोजतो आणि ती दिवसाच्या वहीशीं ताडून पाहतो. मेळ बसला कीं तिजोरी बंद होते. तिच्या दोन किल्ल्या दोन निरनिराळ्या माणसांच्या खिशांत जातात आणि दिवस संपतो. परंतु एखाद्या संध्याकाळीं मेळ बसत नाहीं. वटलेल्या ड्राफ्टावरची सही खोटी ठरते, किंवा अधिकार नसतांना कोणीं तरी कर्ज दिल्याचें तपासनिसाच्या नजरेस येतें. त्या घटकेपासून एका माणसाच्या संसारांत निराळेंच पर्व सुरू होतें. प्रथम निलंबन, मग तुटपुंजा निर्वाहभत्ता, मग आरोपपत्र, मग खात्यांतर्गत चौकशी आणि शेवटीं कदाचित् बडतर्फीचा हुकूम.

या सर्व प्रकरणांत एक गोष्ट ध्यानांत येण्यासारखी आहे. आरोप ठेवणारी बँक. चौकशी करणारा अधिकारी बँकेनें नेमलेला. आणि शिक्षा फर्माविणाराही बँकेचाच वरिष्ठ. असा हुकूम हातांत घेऊन तो माणूस न्यायालयाच्या दारांत उभा राहिला, तर न्यायालयानें पाहावयाचें काय? त्यानें अपराध केला कीं नाहीं, हें? कीं त्याला अपराधी ठरविलें तें योग्य रीतीनें ठरविलें कीं नाहीं, हें? वरवर पाहतां हे दोन्ही प्रश्न एकच वाटतात. पण ते भिन्न आहेत. त्यांतला भेद हिंदुस्थानांत स्पष्ट होण्यास जवळजवळ एक शतक लागलें, आणि या दीर्घ वादांत बँकांच्या नोकरांचा वांटा मोठा आहे.

एकोणिसाव्या शतकांत हा प्रश्न उत्पन्नच होत नव्हता. बँक ऑफ बेंगॉल १८०९ सालीं, बँक ऑफ बाँबे १८४० सालीं आणि बँक ऑफ मद्रास १८४३ सालीं सुरू झाली. या तीन इलाख्यांच्या बँकांतले कारकून आणि रोखपाल ज्या कायद्याखालीं काम करीत, तो धनी आणि चाकर यांचा इंग्रजी कायदा होता. नोकरी हा दोघांमधील करार. आणि एका माणसानें दुसऱ्याला मनाविरुद्ध चाकरीस ठेवावें अशी सक्ती कोणतेंही न्यायालय करणार नाहीं, हा त्या कायद्याचा पाया. १८७७ च्या विनिर्दिष्ट साहाय्याच्या कायद्यानें हेंच तत्त्व येथें रूढ केलें. अन्यायानें काढलेल्या नोकरास फार तर मुदतीच्या नोटिशीपुरती नुकसानभरपाई मिळे. गेलेली जागा परत मिळत नसे. सरकारी नोकराची स्थितीही याहून फारशी बरी नव्हती. मद्रासकडील एका सरकारी नोकराच्या दाव्यांत १९३७ सालीं प्रिव्ही कौन्सिलनें असें ठरविलें कीं, चौकशीचे नियम पाळणें हें सरकारचें कर्तव्य खरें, पण ते मोडले म्हणून नोकराला न्यायालयांत दाद मागतां येणार नाहीं.

धन्याच्या बाजूनें मात्र सांगण्यासारखें पुष्कळ होतें, आणि त्याचा दाखला मुंबईनेंच दिलेला आहे. अमेरिकेंतील यादवी युद्धाच्या काळांत कापसाच्या पैशानें मुंबईला सट्ट्याचें वेड लागलें. त्या वेडांत बँक ऑफ बाँबेच्या चालकांनीं शेअरांच्या तारणावर वाटेल तशीं कर्जें दिलीं. १८६५ सालीं युद्ध संपलें, बाजार कोसळला आणि १८६८ सालीं ती बँक बुडाली. तिच्या जागीं त्याच नांवाची नवी बँक उभारावी लागली. बँकेच्या तिजोरीवर बाहेरून दरोडा पडण्याची गरज नसते. आंतील माणसांनीं आपल्या अधिकाराची मर्यादा ओलांडली कीं तेवढ्यानें ठेवीदारांचें नशीब फिरतें, हा धडा तेव्हांच मिळाला होता. बँक आपल्या नोकरांविषयीं कडक असते तें उगीच नव्हे.

नोकराच्या बाजूचा पहिला आधार मजूरविषयक कायद्यानें दिला. १९४६ सालीं कलकत्त्यास अखिल भारतीय बँक नोकर संघ स्थापन झाला आणि १९४७ सालीं औद्योगिक तंट्यांचा कायदा अंमलांत आला. त्याच सुमारास मुंबईच्या बँकांतील तंट्याचा निवाडा न्यायमूर्ति दिवेटिया यांनीं केला. पुढें संबंध देशांतील बँकांसाठीं नेमलेल्या सेन न्यायाधिकरणाचा १९५० चा निवाडा सर्वोच्च न्यायालयानें १९५१ सालीं रद्द ठरविला, आणि नव्यानें बसलेल्या शास्त्री न्यायाधिकरणानें १९५३ सालीं आपला निवाडा दिला. पगाराच्या आंकड्यांवरून या निवाड्याविषयीं एवढें वादळ उठलें कीं, सरकारनें त्यांत केलेल्या फेरफारांमुळें १९५४ सालीं मजूरमंत्री व्ही. व्ही. गिरी यांनीं राजीनामा दिला. मग प्रश्नाचा उलगडा करण्यासाठीं एक आयोग नेमला गेला. त्याचे अध्यक्ष न्यायमूर्ति राजाध्यक्ष हे मध्येंच निवर्तले आणि त्यांच्या जागीं मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ति प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर आले. १९५५ सालीं त्यांनीं तें काम पुरें केलें. सातारच्या या पंडिताचें नांव या हकीकतींत पुढें पुन्हां येणार आहे.

पगाराच्या वादळांत शास्त्री निवाड्याचा एक भाग लोकांच्या नजरेआड राहिला. पण नोकरांच्या दृष्टीनें तोच दीर्घकाळ टिकला. त्यानें गैरवर्तनाचे दोन वर्ग पाडले, एक गंभीर आणि दुसरा किरकोळ. गंभीर आरोप असेल तर आरोपपत्रांत सर्व प्रसंग स्पष्ट लिहिला पाहिजे. चौकशीची तारीख कळविली पाहिजे. उत्तर तयार करण्यास पुरेसा अवधि दिला पाहिजे. बँकेच्या साक्षीदारांची उलटतपासणी करूं दिली पाहिजे. नोकराच्या वतीनें त्याच्या संघाच्या प्रतिनिधीस बोलूं दिलें पाहिजे. आणि शिक्षा ठरवितांना त्याची मागील चाकरी कशी होती, हेंही पाहिलें पाहिजे. ज्या माणसाला कालपर्यंत एका चिठ्ठीनें घरीं पाठवितां येत होतें, त्याच्यासाठीं हीं कलमें म्हणजे केवढा पालट!

हीं कलमें मोडलीं तर काय, याचें उत्तर १९५७ सालीं सर्वोच्च न्यायालयानें एका लोखंड कारखान्याच्या खटल्यांत दिलें. मालकानें केलेल्या शिक्षेंत न्यायाधिकरणानें चार प्रसंगींच हात घालावा: शिक्षेमागें सद्बुद्धि नसेल तर, नोकराचा सूड घेतला असेल तर, मूलभूत चूक अथवा नैसर्गिक न्यायाचा भंग झाला असेल तर, आणि निष्कर्ष अगदींच निराधार असेल तर. या चौथ्या कसोटीचा प्रत्यय १९६८ सालीं सेंट्रल बँकेच्या खटल्यांत आला. ऐकीव गोष्टींवर उभारलेला निष्कर्ष हा कायद्याच्या दृष्टीनें निराधारच होय, असें तेथें ठरलें, आणि बडतर्फीस मान्यता नाकारणारा न्यायाधिकरणाचा निर्णय कायम राहिला. पुढें १९७१ च्या दुरुस्तीनें न्यायाधिकरणाला पुरावा स्वतः पुन्हां तोलण्याचा आणि शिक्षा जड वाटल्यास हलकी करण्याचाही अधिकार मिळाला. १९४७ च्या त्या कायद्याची जागा २०२५ च्या नोव्हेंबरांत औद्योगिक संबंध संहितेनें घेतली. पण हा अधिकार तिनेंही राखला आहे.

ही झाली कारकून आणि शिपाई यांची वाट. बँकेचे अधिकारी या कायद्याच्या व्याख्येंतले कामगार नव्हते. त्यांना ती मोकळी नव्हती. त्यांची वाट उघडली ती बँकांची मालकी बदलल्यानें. १९५५ सालीं इंपीरियल बँकेची स्टेट बँक झाली. १९ जुलै १९६९ रोजीं चौदा आणि १५ एप्रिल १९८० रोजीं आणखी सहा बँका राष्ट्राच्या मालकीच्या झाल्या. १९७५ सालीं सर्वोच्च न्यायालयानें असें ठरविलें कीं, कायद्यानें निर्माण झालेलीं महामंडळें हीं घटनेच्या दृष्टीनें राज्यसंस्थेचेंच अंग होत, आणि त्यांचे सेवानियम हे नुसते घरगुती ठराव नसून त्यांना कायद्याचें बळ आहे. निवाडा आयुर्विमा महामंडळासारख्या संस्थांविषयीं होता, पण त्याची छाया बँकांवरही पडली. १९७६ सालीं राष्ट्रीयीकृत बँकांनीं अधिकाऱ्यांसाठीं शिस्त आणि अपील यांचे नियम केले. आतां नियम मोडला गेल्यास घटनेच्या २२६ व्या कलमाखालीं उच्च न्यायालयांत रिट अर्ज करतां येऊं लागला. धनी-चाकराचा जुना करार मागें पडला.

दार उघडलें, पण आंत गेल्यावर न्यायालय किती खोल पाहणार? याची सीमा १९६३ सालच्या दोन निवाड्यांनीं आंखली होती, आणि तीं दोन्ही प्रकरणें बँकेचीं नव्हतीं. पहिलें आंध्रांतील एका फौजदाराचें. त्यांत न्यायालय म्हणालें कीं, उच्च न्यायालय हें खात्यांतर्गत चौकशीवरचें अपील न्यायालय नव्हे. आरोपाला पोषक असा कांहीं तरी पुरावा समोर असेल, तर तो पुरेसा होता कीं नव्हता, हें पाहणें त्याचें काम नाहीं. दुसरें प्रकरण बांधकाम खात्याच्या एका अधिकाऱ्याचें. आपल्या नोकरीच्या गाऱ्हाण्यासंबंधीं तो एका वरिष्ठाच्या घरीं गेला असतां त्यानें खिशांतून शंभराच्या नोटेसारखा दिसणारा घडी घातलेला कागद काढला, एवढाच त्याच्याविरुद्ध पुरावा. चौकशी अधिकाऱ्यानें आरोप शाबीत धरला नाहीं. तरी सरकारनें त्याला बडतर्फ केलें. तो हुकूम टिकला नाहीं. निवाडा लिहिणारे होते न्यायमूर्ति गजेंद्रगडकर. भ्रष्टाचाराचा बीमोड अगत्याचा आहे हें त्यांनीं मान्य केलें. पण खात्यांतर्गत चौकशींतही नुसत्या संशयाला पुराव्याची जागा घेऊं देतां येणार नाहीं, असें त्यांनीं निक्षून सांगितलें.

या दोन निवाड्यांमध्यें पुढचा सर्व इतिहास सांठविलेला आहे. पुरावा थोडा कीं पुष्कळ, हें खात्यानें पाहावें. पुरावा आहे कीं मुळींच नाहीं, हें न्यायालयानें पाहावें. फौजदारी खटल्याप्रमाणें येथें अपराध निःसंशय सिद्ध व्हावा लागत नाहीं. संभव कोणत्या बाजूला अधिक आहे एवढेंच पाहिलें जातें. म्हणूनच फौजदारी न्यायालयानें सोडून दिलेल्या माणसालाही बँक शिक्षा करूं शकते. तथापि संभव तोलावयाचा म्हटला तरी तराजूंत कांहीं तरी पडलें पाहिजे. रिकाम्या पारड्यांत तोलतां येत नाहीं.

याच्याच जोडीला दुसरें तत्त्व होतें तें नैसर्गिक न्यायाचें. केंब्रिज विद्यापीठानें रिचर्ड बेंटली या विद्वानाच्या पदव्या त्याचें म्हणणें न ऐकतां काढून घेतल्या होत्या; १७२३ सालीं इंग्लंडच्या न्यायालयानें त्या परत देवविल्या. त्या वेळीं एका न्यायाधीशानें आठवण दिली कीं, प्रत्यक्ष ईश्वरानेंही आदामाला नंदनवनांतून घालवून देण्यापूर्वीं त्याला काय म्हणावयाचें आहे तें विचारलें होतें. भारतांतील बँकांच्या कचेऱ्यांत या जुन्या तत्त्वाला नवे अर्थ फुटले. बँकांच्या अधिकाऱ्यांवरील कारवाईंत केंद्रीय दक्षता आयोगाचा सल्ला घेण्याची पद्धत होती, आणि तो सल्ला बंधनकारक मानावा असें अर्थखात्याचें फर्मान होतें. सिंडिकेट बँकेच्या १९९१ सालच्या प्रकरणांत न्यायालयानें तें फर्मान रद्द केलें. शिक्षा देण्याचा अधिकार ज्याला आहे त्यानें तो स्वतःच्या बुद्धीनें वापरावा. दुसऱ्याच्या सांगण्यावरून दिलेली शिक्षा ही त्याची शिक्षाच नव्हे. पुढच्याच वर्षीं स्टेट बँकेच्या एका अधिकाऱ्याची शिक्षा न्यायालयानें रद्दबातल ठरविली, कारण आयोगाची शिफारस शिक्षा देणाऱ्याच्या टेबलावर होती, पण ज्याला शिक्षा झाली त्याला ती कधीं दाखविलीच नव्हती.

मग प्रश्न आला चौकशी अधिकाऱ्याच्या अहवालाचा. १९९३ सालीं पांच न्यायमूर्तींच्या घटनापीठानें ठरविलें कीं, निर्णयापूर्वीं त्या अहवालाची प्रत आरोपी नोकराला दिलीच पाहिजे. आणि अहवाल नोकराच्या बाजूचा असून वरिष्ठाला तो पटला नाहीं तर? पंजाब नॅशनल बँकेच्या प्रकरणांत १९९८ सालीं याचें उत्तर मिळालें. वरिष्ठाला भिन्न मत धरण्याचा अधिकार आहे. परंतु आपल्या मतभेदाचीं कारणें त्यानें आधीं नोकराला कळवावीं, त्याचें उत्तर ऐकावें आणि मगच निर्णय करावा. कारण एकदां निर्दोष ठरलेल्या माणसाला त्याच्या पाठीमागें पुन्हां दोषी ठरविणें यासारखा अन्याय नाहीं. या प्रकरणांतला प्रसंग १९८१ सालचा होता. निवाडा होईपर्यंत संबंधित अधिकारी निवृत्त होऊन चौदा वर्षें लोटलीं होतीं, म्हणून पुन्हां चौकशीला वाव न देतां न्यायालयानें तें प्रकरण तेथेंच मिटविलें. न्याय मिळाला खरा. पण तो मिळेपर्यंत एका माणसाच्या उमेदीचा काळ सरून जातो, ही गोष्टही या इतिहासाचाच भाग आहे.

याचा अर्थ न्यायालयें नोकरांनाच झुकतें माप देत आलीं, असा मात्र नाहीं. प्रत्येक लहानसहान चुकीचा फायदा घेऊन दोषी माणूस सुटूं लागला, तर ठेवीदारानें कोणाकडे पाहावें? स्टेट बँक ऑफ पतियाळाच्या १९९६ सालच्या प्रकरणांत साक्षीदारांच्या जबान्यांच्या प्रती दिल्या नव्हत्या, पण त्या वाचावयास मिळाल्या होत्या. न्यायालयानें विचारलें, यानें नोकराच्या बचावाचें खरोखर नुकसान झालें काय? झालें नसेल, तर एवढ्या कारणासाठीं सर्व चौकशी मोडून टाकतां येणार नाहीं. त्याच वर्षीं दुसऱ्या एका निवाड्यांत असें सांगितलें गेलें कीं, बँकेच्या अधिकाऱ्यानें अधिकाराबाहेर जाऊन कर्ज दिलें हेंच गैरवर्तन होय. बँकेला तोटा झाला नाहीं, किंवा नफाच झाला, हा बचाव होऊं शकत नाहीं. २००३ सालीं युनायटेड कमर्शियल बँकेच्या खटल्यांत हेंच तत्त्व आणखी ठासून मांडलें गेलें. ठेवीदारांच्या पैशाशीं ज्याचा संबंध, त्याच्या सचोटीचें माप इतरांहून उंच असलें पाहिजे, असें न्यायालयानें म्हटलें. १८६८ सालीं मुंबईनें जें भोगलें, तेंच जणूं येथें न्यायालयाच्या भाषेंत उतरलें.

शिक्षेच्या प्रमाणाविषयींही असाच मध्यममार्ग निघाला. सैन्यांतील एका जवानानें अन्न घेण्याचा हुकूम मानला नाहीं म्हणून त्याला एक वर्षाची कैद आणि बडतर्फी अशी शिक्षा झाली होती. १९८७ सालीं न्यायालयानें ती अपराधाच्या मानानें अतोनात म्हणून मोडली. परंतु सामान्य नियम १९९५ सालीं ठरला तो असा कीं, शिक्षा ठरविणें हें खात्याचें काम. ती इतकी विषम असेल कीं न्यायालयाच्या विवेकबुद्धीलाच धक्का बसेल, तेव्हांच तिच्यांत फेरबदल व्हावा. बँकेच्या नोकराच्या हातून पैशाची अफरातफर झाली असेल, तर रक्कम लहान होती एवढ्यावरून असा धक्का सहसा बसत नाहीं.

येथें एक विसंगतिही सांगितली पाहिजे. ही सर्व दाद मिळते ती सरकारी मालकीच्या बँकांतील नोकराला. फेडरल बँकेच्या २००३ सालच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें ठरविलें कीं, खाजगी बँक ही राज्यसंस्थेचें अंग नव्हे. म्हणून तिच्या बडतर्फ व्यवस्थापकाला तिच्याविरुद्ध रिट अर्ज करतां येणार नाहीं. अशा बँकेंतील कारकुनाला मजूर कायद्याचा आधार उरतो. पण अधिकाऱ्याला बहुधा नुकसानभरपाईच्या दाव्यापलीकडे जातां येत नाहीं. १८७७ चा धनी आणि चाकर अजून तेथें एकमेकांसमोर उभे आहेत.

या सर्व निवाड्यांचें मर्म एका शिपायाच्या प्रकरणांत सर्वांत स्पष्ट दिसतें. पंजाब नॅशनल बँकेच्या एका शाखेंतून ड्राफ्टांचें पुस्तक गहाळ झालें, आणि आरोप त्या शाखेंतल्या शिपायावर आला. चौकशींत कागद पुष्कळ दाखल झाले. पोलिसांकडील फिर्याद होती. पोलिसांपुढें त्यानें दिलेला म्हणून एक कबुलीजबाबही होता. पण त्या कागदांतला मजकूर खरा आहे असें शपथेवर सांगणारा साक्षीदार कोणी नव्हता. त्यावरून तो दोषी ठरला, बडतर्फ झाला आणि खालच्या न्यायालयांतून त्याला दाद मिळाली नाहीं. २००८ च्या डिसेंबरांत सर्वोच्च न्यायालयानें तो हुकूम रद्द केला. फिर्याद म्हणजे पुरावा नव्हे; पोलिसांच्या तपासांत जमलेले कागद नुसते पुढें सरकविल्यानें सिद्ध होत नाहींत; आणि संशय कितीही दाट असला तरी तो संशयच राहतो. पंचेचाळीस वर्षांपूर्वीं एका वरच्या दर्जाच्या अधिकाऱ्याला ज्या तत्त्वानें वांचविलें, तेंच एका शिपायाच्याही उपयोगी पडलें.

तेव्हांपासून दोन्ही बाजूंचे निवाडे होत आले आहेत. अलाहाबाद बँकेच्या प्रकरणांत २०१७ सालीं न्यायालयानें निवृत्त आणि आजारी अधिकाऱ्याला मिळालेली दाद कायम केली, कारण शिक्षा देणाऱ्यांनीं आपल्या बुद्धीचा उपयोगच केला नव्हता. स्टेट बँकेच्या प्रकरणांत २०२१ सालीं त्याच न्यायालयानें उच्च न्यायालयाला बजावलें कीं, नियमानुसार चौकशी झाली आणि पुरावा आहे, तेथें आपलें मत खात्याच्या मतावर लादूं नये. वरवर हे निवाडे परस्परविरोधी भासतात. पण दोहोंत प्रश्न एकच विचारलेला आहे, फक्त उत्तरें निराळीं आलीं.

बँक विश्वासावर चालते, हें सर्वमान्य आहे. ठेवीदाराचा बँकेवर विश्वास असतो तो ती आपला पैसा राखील म्हणून. परंतु नोकराचाही बँकेवर एक विश्वास असतो: वहीचा मेळ ज्या काळजीनें बसविला जातो, त्याच काळजीनें आपल्या अब्रूचाही हिशेब केला जाईल, हा. बँकेची वही न्यायालय स्वतः लिहीत नाहीं. ती लिहिली गेली कशी, एवढेंच तें तपासतें. पण संशयाची रक्कम पुराव्याच्या रकान्यांत मांडलेली दिसली, तर ती खोडण्याचा अधिकार त्यानें आपल्या हातून सोडलेला नाहीं.